मानीव दिनांक

पाणीपुरवठा खात्याच्या विभागीय कार्यालयात तो पहिल्या दिवशी इतक्या लवकर येऊन पोचला, की शिपायाला वाटलं, नळाची तक्रार घेऊन आलेला कुणीतरी असेल. त्याने त्याला बाहेरच्या बाकावर बसवलं आणि विसरून गेला. कार्यालय भरलं, पंखे फिरायला लागले, चहाची एक फेरी होऊन गेली, तरी हा बाकावर ताठच्या ताठ. शेवटी वरिष्ठ लिपिक बाईंना राहवलं नाही. त्यांना सगळं कार्यालय ताई म्हणायचं. जाता जाता त्यांनी विचारलं, "तुमची तक्रार लिहून घेतली का कुणी?"

"तक्रार नाही. मी नवीन कनिष्ठ लिपिक!" तो ताडकन उभा राहून म्हणाला. आवाज असा, की आतल्या दोन टंकलेखक बायकांची बोटं जागच्या जागी थांबली.

"अगं बाई," ताई म्हणाल्या, "मग आत ये की. आणि जरा हळू बोल, इथे कुणी बहिरं नाहीये."

दुपारच्या डब्यापर्यंत त्याचं नाव ‘फौजी’ पडलंही होतं. सीमेवर युद्ध पेटलं त्या वर्षी तो सैन्यात भरती झाला होता आणि आठ वर्षांनी बाहेर पडला होता. तिथे त्याचं काम टेलिफोनच्या तारा ओढायचं. पाठीवर तारेचं रीळ घ्यायचं आणि डोंगर चढायचा. वर पोचलं की तार जोडून ओरडायचं, "ऐकू येतंय का?" त्या ओरडण्याची सवय त्याला कायमची लागली. तो फोनवर बोलायला लागला की साहेब म्हणत, "अरे, फोन ठेवून दे, तसंही ऐकू जाईल त्याला."

तार ओढणाऱ्या हातांना कागद मात्र जमत नव्हता. पहिल्या आठवड्यात त्याने एका फुटलेल्या जलवाहिनीबद्दल टिपणी लिहिली आणि ती ताईंच्या टेबलावर गेली.

"फौजी, इकडे ये. हे काय लिहिलंयस? ‘पाइप फुटला. पाणी गेलं. माणसं ओरडतायत.’"

"खरं आहे ते, ताई. मी स्वतः बघून आलो."

"खरं आहे रे, पण खरं असं उघडंबोडकं पाठवायचं नसतं वर. लिही. ‘नागरिकांच्या वारंवार तक्रारी प्राप्त होत असून...’"

त्याने लिहिलं. पुढची कित्येक वर्षं तो असाच लिहीत राहिला. ताई खुर्ची ओढून शेजारी बसायच्या आणि शिसपेन्सिलीने खुणा करायच्या. ‘असून’ कुठे येतं, ‘सबब’ कुठे येतं, नकार द्यायचा असेल तर आधी दोन ओळी सहानुभूतीच्या कशा घालायच्या, सगळं त्यांनी शिकवलं. त्यांचा मसुदा वरच्या कार्यालयातून कधी परत आला नव्हता, आणि त्याचा त्यांना कोण अभिमान! फौजीला मुलगी झाली तेव्हा बायको महिनाभर आजारी होती. त्या महिन्यात त्याच्या टेबलावर एकही फाइल साचली नाही. कुणी केलं ते त्याने विचारलं नाही आणि ताईंनी सांगितलं नाही. त्या त्याला अरे-तुरे करायच्या आणि तो त्यांना ताई म्हणायचा ते नुसतं कार्यालयातलं ‘ताई’ नव्हे. त्याला सख्खी बहीण नव्हती.

काळ गेला. ताई मुख्य लिपिक झाल्या. मग काही वर्षांनी दुसऱ्या शाखेत फौजीही मुख्य लिपिक झाला. आणि कार्यालय अधीक्षकांची निवृत्ती जवळ आली.

त्या खुर्चीवर कोण बसणार, याबद्दल कुणाच्या मनात शंकाच नव्हती. मुख्य लिपिकांच्या ज्येष्ठता यादीत ताई पहिल्या होत्या. त्यांची स्वतःची दोनच वर्षं राहिली होती, पण ती दोन वर्षं त्या अधीक्षकांच्या काचेच्या खोलीत बसणार. शिपाई त्यांना आत्ताच विचारून गेला, "ताई, पडदा कुठल्या रंगाचा लावायचा?" ताई त्याला रागावल्या. रागावताना हसतही होत्या.

त्याच सुमारास फौजीच्या घरी त्याचा सैन्यातला जुना जोडीदार आला. आता तोही दुसऱ्या एका खात्यात चिकटला होता. गप्पांच्या ओघात तो म्हणाला, "तुझी सैन्यातली वर्षं धरली का रे?"

"कशात धरायची?"

"अरे बाबा! युद्धाच्या काळात भरती झालेल्यांना आहे ती सवलत. तू सैन्यात गेलास त्या दिवसापासूनच या खात्यात आहेस असं मानायचं. मानीव दिनांक म्हणतात त्याला. पगार, पेन्शन, ज्येष्ठता, सगळ्याला. मी घेतली. मात्र अर्ज करावा लागतो, आपणहून कुणी देत नाही."

फौजीने मनातल्या मनात हिशेब केला आणि त्याच्या हातातला कप बशीवर जरा जोरातच टेकला. ताई त्याच्या पाच वर्षं आधी नोकरीला लागल्या होत्या, आणि त्याची सैन्यातली वर्षं आठ.

पाहुणा गेल्यावर बायको म्हणाली, "यात विचार कसला करताय? लोक पंख्याखाली बसून सही करत होते तेव्हा तुम्ही बर्फात उभे होता. चोरी आहे का ही?"

चोरी नव्हतीच. हक्क होता, नियमात बसत होता. त्याला एकच गोष्ट अवघड वाटत होती, ती म्हणजे ताईंना सांगणं. त्याने ठरवलं, आधी मंजूर होतंय का ते बघू, मग सांगू. नामंजूर झालं तर उगाच मन कशाला दुखवा? असं ठरवताना आपण लबाडी करतोय हे त्याला ठाऊक होतं, पण विचार इतका सोयीचा होता की त्याने तो मोडला नाही.

आणि अर्ज तर लिहायचा होता. त्याने स्वतः दोनदा लिहून पाहिला, दोन्ही वेळा तो ‘पाइप फुटला’सारखाच झाला. मग तो सवयीने उठला आणि ताईंच्या टेबलापाशी गेला.

"ताई, एक काम होतं. सैन्यातली वर्षं धरण्याबद्दल..."

"पेन्शनसाठी ना? अरे, मग इतकी वर्षं झोपला होतास का? बस इथे." ताईंनी कपाटातून नियमांचं जाड पुस्तक काढलं, धूळ झटकली, नेमकं कलम शोधलं, आणि हातावेगळ्या करायच्या फायली बाजूला सारून त्याच्यासाठी मसुदा लिहायला घेतला. ‘देशाच्या संकटकाळी’ असं एक वाक्य त्यांनी सुरुवातीला घातलं आणि ते वाचून दाखवताना त्यांचाच आवाज जरा जड झाला. शेवटी लिहिलं, ‘सबब उक्त लष्करी सेवा वेतन व निवृत्तिवेतन या प्रयोजनांसाठी ग्राह्य धरण्यात यावी.’

"आता कोण नाही म्हणतो बघू," त्या म्हणाल्या.

फौजीने तो कागद घरी नेला आणि शेजाऱ्याच्या टंकलेखन यंत्रावर स्वतःच उतरवला. ‘वेतन’ लिहून झालं. मग त्याने स्वल्पविराम दिला आणि ‘ज्येष्ठता’ हा शब्द टंकला. एवढाच एक शब्द. बाकी अक्षर न अक्षर ताईंचं.

अर्ज वरच्या कार्यालयात थेट गेला आणि अर्थातच परत आला नाही.

सुधारित यादी लागली ती सकाळी, सूचना फलकावर, पाणीकपातीच्या वेळापत्रकाशेजारी. फौजी त्या दिवशी आयुष्यात पहिल्यांदा उशिरा आला. जिन्यात पाय ठेवल्यापासूनच त्याला कळलं, कारण कुणी त्याला हाक मारली नाही. फलकापुढे ताई उभ्या होत्या. चष्मा कपाळावर सरकवून, नाक कागदाला लागेल इतक्या जवळून वाचत होत्या. पहिला फौजी. त्याच्या नावापुढे मानीव दिनांक, त्यापुढे कलमाचा क्रमांक, त्यांनीच शोधून दिलेला. दुसऱ्या त्या.

तो मागे येऊन उभा राहिला. 

ताई वळल्या. त्यांनी चष्मा नाकावर घेतला, त्याच्याकडे पाहिलं आणि अगदी साध्या सुरात म्हणाल्या, "अर्ज चांगला झाला होता. एक शब्द तेवढा माझा नव्हता."

बस. त्या जागेवर जाऊन बसल्या आणि समोरची फाइल उघडली.

कार्यालय मात्र पेटलं. आस्थापना शाखेच्या कारकुनाला सगळे ‘परिपत्रक’ म्हणत, कारण त्याच्या तोंडून दुसरं काही निघतच नसे. तो ताईंकडे गेला. "हरकत घ्या! महिनाभर मुदत आहे. मी लिहून देतो."

"कशाला? नियम बरोबर आहे," ताई म्हणाल्या. कलम कुणी शोधलं, अर्ज कुणी लिहिला, याचा त्यांनी कुणापुढे उच्चार केला नाही. फौजीनेही केला नाही. शिव्याशाप फौजीच्या वाट्याला आले आणि सहानुभूती ताईंच्या, आणि त्याला वाटलं, निदान एवढं तरी रास्त आहे.

शिव्या त्याने पचवल्या असत्या. पण दुसऱ्या दिवशी तो ताईंच्या शाखेत गेला तेव्हा त्या उठून उभ्या राहिल्या.

"यावं साहेब. काय हवंय आपल्याला?"

"ताई, असं नका ना बोलू."

"ज्येष्ठ आहात आपण. बसा." आणि त्यांनी आपली खुर्ची पुढे केली, जी त्या इतकी वर्षं त्याच्या शेजारी ओढत आल्या होत्या. तिरकस स्वर नाही, टोमणा नाही. अगदी नियमाप्रमाणे. फौजीचे कान तापून लाल झाले. तो काय मागायला आला होता तेच विसरला आणि तसाच परत फिरला.

हरकतींचा महिना सरला तरी त्याला जेवण गोड लागेना. बायकोला त्याने शेवटी तो एक शब्द सांगितला. तिने त्याचं तसंच राहिलेलं ताट उचललं. मग म्हणाली, "मला वाटलं होतं तुम्ही त्यांना सांगितलं असेल." त्यानंतर तिने बर्फाचं नाव काढलं नाही.

त्याने ठरवलं, पदोन्नती नाकारायची. हा अर्ज त्याने स्वतः लिहिला, कुणाची मदत न घेता, आणि तो घेऊन परिपत्रककडे गेला. परिपत्रकने वाचला, मान वर केली आणि हसला. हसू चांगलं नव्हतं.

"तुम्ही नको म्हणालात की ताईंना मिळेल, असं वाटतंय का तुम्हाला?"

"दुसऱ्या त्याच आहेत ना."

"होत्या. विभागात माजी सैनिक काय तुम्ही एकटेच आहात का? तुमचा अर्ज मंजूर झाल्याचं कळल्यावर धरणाच्या उपविभागातला एकजण येऊन त्याची नक्कल घेऊन गेला. मग भांडारातला. मग आणखी दोघं. शब्दाला शब्द तोच अर्ज, ‘देशाच्या संकटकाळी’सकट. चौघांचेही मंजूर झालेत. अंतिम यादीत ताई सहाव्या आहेत." त्याने कागद परत केला. "तुम्ही नाकारलंत तर भांडारवाला बसेल तिथे. त्याला धड टिपणी लिहिता येत नाही. तुम्हाला निदान ताईंनी शिकवलंय."

फौजीने कागदाची घडी केली, आणखी एक घडी केली, आणखी एक. मग तो खिशात ठेवून त्या काचेच्या खोलीत जाऊन बसला. पडद्याचा रंग शिपायाने त्याला विचारला नाही.

दोन वर्षं त्याने काम चांगलं केलं, हे त्याचे विरोधकही मान्य करत. ताईंचा मसुदा त्याच्या सहीला यायचा तेव्हा तो न वाचताच सही करायचा आणि सही करताना दाराकडे बघायचा, कुणी आलं तर नाही ना म्हणून. ताई येत, उभ्या राहत, ‘साहेब’ म्हणत आणि जात.

ताईंच्या निवृत्तीचा दिवस आला. मोठ्या खोलीत खुर्च्या मांडल्या, एक शाल आणली, हार आणला. अधीक्षक म्हणून फौजीला बोलायचं होतं. त्याने खूप दिवस मनात घोळवलं होतं. सगळ्यांसमोर त्यांचं श्रेय त्यांना द्यायचं, मोकळ्या मनाने, एकदाच. तो उभा राहिला आणि त्याच्या त्या डोंगरावरच्या आवाजात बोलू लागला. ताईंनी त्याला टिपणी लिहायला कशी शिकवली, ते सांगितलं. लोक हसले, ताईही किंचित हसल्या. त्या हसण्याने त्याला भरून आलं आणि त्याचा तोल गेला.

"मी आज ज्या खुर्चीवर आहे ना, तीही ताईंमुळेच! माझी सैन्यातली सेवा धरण्याचा अर्ज... तो मंजूर झाला कारण त्याचा मसुदा ताईंचा होता. कलमसुद्धा त्यांनीच शोधलं!"

टाळ्या येतील असं त्याला वाटलं होतं. एकदोन आल्याही. मग मागून कुणीतरी हलक्या आवाजात म्हणालं, "म्हणजे ताईंनी आपल्याच हाताने..." आणि भांडारातला तो माजी सैनिक, ज्याने त्याच अर्जाची नक्कल घेतली होती, तो खो-खो हसला. त्याच्या हसण्यात दुष्टपणा नव्हता, त्याला खरंच गंमत वाटली होती. हसू एका रांगेतून दुसऱ्या रांगेत गेलं. ताई हातातल्या हाराच्या नारंगी फुलांकडे बघत बसल्या. त्यांची मान, कानांच्या पाळ्या, सगळं लाल झालं होतं.

समारंभ संपल्यावर तो त्यांच्यामागे जिन्यापर्यंत धावला. "ताई, मला तसं म्हणायचं नव्हतं. मला फक्त..."

"दोन वर्षं मी ते कुणाला कळू दिलं नव्हतं, साहेब," त्या म्हणाल्या. "तुम्हाला वाटलं असेल, तुमच्यासाठी. तुमच्यासाठी नाही. मला कुणी हसू नये म्हणून." आणि कठडा धरून एकेक पायरी उतरत गेल्या.

फौजी जिन्यात उभा राहिला. आत शिपाई खुर्च्या गोळा करत होता. फौजीला वाटलं, पहिल्या वेळी आपण बोललो नाही आणि चुकलो. आज बोललो आणि त्याहून मोठी चूक केली. आपल्याला कधी काय बोलावं ते कळत नाही, नुसता आवाज मोठा.

ताईंच्या निवृत्तिवेतनाचे कागद त्याने स्वतः हाताळले. एका टेबलावर सकाळी असलेला कागद दुपारी पुढच्या टेबलावर जाईल, याची तो जातीने काळजी घ्यायचा. आदेश आला तेव्हा टपालाने पाठवण्याऐवजी तो स्वतः घेऊन गेला. सुटीच्या दिवशी, दुपारी. ताई आपल्या थोरल्या बहिणीबरोबर राहायच्या एवढं त्याला माहीत होतं. घर कधी पाहिलं नव्हतं.

पहिल्या मजल्यावरच्या दोन खोल्या. दार बहिणीनेच उघडलं. एका हातात काठी, श्वास लागलेला, पण चेहरा हसरा. "कोण?"

त्याने सांगितलं, आणि तिचे डोळे चमकले. "फौजी! अगं, बघ कोण आलंय! या, या, बसा. इतकी वर्षं नुसतं ऐकतेय तुमच्याबद्दल. हिने शिकवलेला पहिलाच माणूस अधीक्षक झाला, असं सांगत असते सगळ्यांना."

ताई आतून आल्या आणि दारातच थबकल्या. त्यांच्या हातात भाजी निवडायची चाळणी होती.

"आदेश आणलाय," फौजी म्हणाला. आवाज त्याने मुद्दाम बारीक केला होता.

"अहो, तुमचे तर उपकारच आहेत आमच्यावर," बहीण म्हणाली. काठी भिंतीला टेकवून ती त्याच्यासमोर बसली. "माझ्या या दम्यामुळे हिने ते मोठं पद नाकारलं ना. मी किती सांगितलं, अगं घे, मी राहीन एकटी. ऐकेल तर ना! म्हणाली, मी नको म्हटलंय, फौजीला घ्यायला सांगितलंय. तुम्ही ऐन वेळी ते ओझं घेतलंत, म्हणून ही संध्याकाळी वेळेवर घरी येऊ शकली. नाहीतर माझं काही खरं नव्हतं."

 ताई चाळणीतल्या एकाच पानाचं देठ पुन्हा पुन्हा खुडत होत्या. त्याच्याकडे बघत नव्हत्या.

फौजीला वाटलं, जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं. ही बाई आपले आभार मानतेय. आपण या घरातून काय नेलं हे तिला माहीतही नाही, आणि तिच्या बहिणीने त्यावर पांघरूण घालून त्याचं काहीतरी चांगलं करून ठेवलंय, रोज त्यातच राहतेय. खरं सांगायला त्याचे ओठ शिवशिवले. त्याला स्वतःला किती बरं वाटलं असतं! त्याने ते गिळलं.

"हो," तो म्हणाला. "ताईंनीच नको म्हटलं. आम्ही सगळ्यांनी खूप आग्रह केला. साहेबांनी स्वतः बोलावून विचारलं. त्या हटूनच बसल्या."

"बघा!" बहीण विजयी सुरात म्हणाली. "मी म्हणत होते ना, हिची जिद्द तुम्हाला ठाऊक असणार."

"ठाऊक आहे."

ताई आत गेल्या. आत नळ सुरू झाल्याचा आवाज आला आणि बराच वेळ सुरूच राहिला. मग त्या चहाचे तीन कप घेऊन आल्या, एक त्याच्या पुढ्यात ठेवला आणि पाकिटातून आदेश काढून वाचायला बसल्या. वाचून झाल्यावर नीट घडी करून ठेवून दिला. बहीण कार्यालयातल्या गमती विचारत राहिली आणि फौजी, एरवी तीन मजल्यांना ऐकू जाणारा माणूस, खाली मान घालून एकेका शब्दाने उत्तरं देत राहिला.

निघताना ताई दारापर्यंत आल्या. त्याला वाटलं, त्या काहीतरी म्हणतील. त्या म्हणाल्या, "जिन्यातला दिवा गेलाय. सांभाळून जा, साहेब."

तो सांभाळून उतरला. खाली रस्त्यावर ऊन होतं, एक टँकर रिकामा होऊन परत चालला होता. त्याच्या बाजूवर खात्याचं नाव रंगवलेलं होतं. चालकाने त्याला ओळखून हात केला, पण फौजीला काही हात वर करता आला नाही. तो फुटपाथच्या कडेने, लोकांना वाट देत, घरी चालत गेला.